गृहकर्जाची पूर्ण किंमत रुपयांत सांगा : गृहकर्जदारांचे मागणीपत्र

प्रति,
१) मा. गव्हर्नर, भारतीय रिझर्व्ह बँक, मुंबई
२) मा. अर्थमंत्री, भारत सरकार, नवी दिल्ली
३) मा. व्यवस्थापकीय संचालक, नॅशनल हाउसिंग बँक, नवी दिल्ली
४) मा. महसूलमंत्री, महाराष्ट्र राज्य, मुंबई
५) गृहकर्ज देणाऱ्या सर्व बँका, सहकारी बँका व गृहवित्त कंपन्या

विषय : गृहकर्जाच्या परतफेडीचा दीर्घकालीन बोजा कर्जदाराला समजेल अशा रीतीने मांडणे, आणि त्याच्या संमतीशिवाय तो वाढू न देणे.

महोदय/महोदया,

कर्ज काढून घर घेतलेल्या, महाराष्ट्रातल्या नोकरदार, दुकानदार आणि छोट्या व्यावसायिकांची ही संघटना आहे. आमच्यापैकी बहुतेकांच्या आयुष्यातला हा सर्वांत मोठा व्यवहार. तो करताना ‘हप्ता किती बसेल’ हे बिल्डरच्या ऑफिसात, एजंटच्या मोबाइलवर आणि बँकेच्या काउंटरवर प्रत्येकाने सांगितले. ‘शेवटी एकूण किती रुपये जातील’ हे मात्र कोणी आपणहून सांगितले नाही. ज्यांनी विचारले, त्यांना दराची टक्केवारी मिळाली.

आम्ही काय मागत नाही, ते आधी स्पष्ट करतो. आम्हाला कर्जमाफी नको. व्याजदरावर सरकारी कमाल मर्यादा नको. घेतलेले पैसे व्याजासकट फेडायचे आहेत आणि आम्ही ते फेडत आहोत. आमची मागणी एवढीच, की कर्जाची मुदत हा कर्जाच्या किमतीचाच भाग मानला जावा. मुदत वाढली की किंमत वाढते. म्हणून मुदत ठरवताना आणि नंतर ती बदलताना, दोन्ही वेळा रुपयांतला परिणाम कर्जदारापुढे ठेवला गेला पाहिजे आणि त्याची सही घेतली गेली पाहिजे.

हिशेब काय सांगतो

४० लाख रुपयांचे कर्ज आणि साडेआठ टक्के व्याजदर धरू. दर शेवटपर्यंत तोच राहिला, तर चित्र असे दिसते :

१५ वर्षे : हप्ता ३९,३९० रुपये, एकूण व्याज ३०.९० लाख
२० वर्षे : हप्ता ३४,७१३ रुपये; एकूण व्याज ४३.३१ लाख
२५ वर्षे : हप्ता ३२,२०९ रुपये, एकूण व्याज ५६.६३ लाख
३० वर्षे : हप्ता ३०,७५७ रुपये, एकूण व्याज ७०.७२ लाख

पंचवीसऐवजी तीस वर्षांची मुदत घेतली, तर महिन्याला सुमारे १,४५० रुपये कमी द्यावे लागतात. त्यासाठी मोजावे लागणारे जादा व्याज आहे १४ लाख रुपयांहून अधिक. वीसऐवजी तीस वर्षे घेतली, तर हप्ता जेमतेम चार हजारांनी उतरतो आणि व्याज २७ लाखांहून अधिक चढते. ही तुलना पाहूनही कोणी तीस वर्षे निवडेल. पगार बेताचा असेल, मुलांची शिक्षणे सुरू असतील, तर तो निर्णय योग्यही असू शकतो. पण ही तुलना समोर नसेल, तर कर्जदाराने मुदत निवडली असे म्हणता येत नाही.

दुसरी गोष्ट मुद्दलाची. वीस वर्षांच्या याच कर्जात पहिल्या हप्त्यातले २८,३३३ रुपये व्याजात जातात, मुद्दलात ६,३८० रुपये. पाच वर्षांत कर्जदार २०.८३ लाख रुपये भरतो आणि मुद्दल कमी होते फक्त ४.७५ लाखांनी. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत सरल्यावर, ४० पैकी २८ लाख रुपये देणे शिल्लक असते. मुद्दल निम्म्यावर यायला २४० पैकी १६६ हप्ते लागतात. पाच-सात वर्षे नियमित हप्ते भरून घर विकायला निघालेल्या माणसाला फोरक्लोजरचे, म्हणजे मुदतीआधी कर्ज फेडण्यासाठी लागणाऱ्या रकमेचे, पत्र हातात आल्यावर धक्का बसतो, त्याचे कारण हेच. यात फसवणूक नाही. व्याज उरलेल्या मुद्दलावर आकारले की सुरुवातीला ते जास्त असणारच. पण हे कळण्याची वेळ पहिल्या सहीच्या आधीची आहे, घर विकतानाची नव्हे.

वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका जड नसतो, घरभाडे वाचते, घराची किंमतही वाढू शकते, हे आम्ही जाणतो. व्याजाचा प्रत्येक रुपया तोट्यात गेला, असा आमचा दावा नाही. मात्र ही सारी वजाबाकी करायची तर आधी मूळ आकडा हातात हवा. तोच आज मिळत नाही.

दर वाढले तेव्हा काय झाले

मे २०२० मध्ये रिझर्व्ह बँकेचा रेपो दर ४ टक्क्यांवर आला. मे २०२२ पासून तो चढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर पोचला. नऊ महिन्यांत अडीच टक्क्यांची वाढ. १ ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी बदलत्या दराची गृहकर्जे बाह्य मानदंडाला, बहुतेक ठिकाणी रेपो दरालाच, बांधलेली असल्यामुळे ही वाढ कर्जदारापर्यंत पूर्ण आणि लवकर पोचली. यात नियमबाह्य काही नव्हते. आमचा आक्षेप ती ज्या पद्धतीने पोचवली गेली, त्या पद्धतीला आहे. अनेक ठिकाणी हप्ता तोच ठेवला गेला आणि मुदत वाढवली गेली. कर्जदाराला कळले ते एखाद्या इंग्रजी एसएमएसवरून, किंवा बऱ्याच काळाने स्टेटमेंट काढल्यावर.

याचा अर्थ आकड्यांत पाहू. मार्च २०२१ मध्ये कोणी ४० लाखांचे कर्ज पावणेसात टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता ३०,४१५ रुपये. दोन वर्षांनी शिल्लक मुद्दल सुमारे ३७.९७ लाख. सोपेपणासाठी अडीच टक्क्यांची वाढ त्याच वेळी एकदम लागू झाली असे धरू. दर सव्वानऊ टक्के झाला. आता महिन्याचे व्याजच २९,२७० रुपये. हप्ता तोच ठेवला, तर मुद्दलात जातात १,१४५ रुपये. पुढे दर तिथेच राहिला, तर उरलेले २१६ हप्ते ४२७ होतात. अठरा वर्षांच्या जागी साडेपस्तीस वर्षे. तेव्हापासूनचे व्याज ९२ लाखांच्या घरात जाते. तोच हप्ता ५,७४० रुपयांनी वाढवून ३६,१५४ केला, तर मूळ मुदत टिकते आणि व्याज ४० लाखांवर थांबते. आणि हप्ता केवळ दहा टक्क्यांनी, म्हणजे सुमारे तीन हजार रुपयांनी वाढवला असता, तरी ४२७ हप्त्यांचे २७१ झाले असते.

दर तिथे राहिले नाहीत, हे खरे. फेब्रुवारी ते डिसेंबर २०२५ या काळात रेपो दर सव्वा टक्क्याने उतरून ५.२५ टक्क्यांवर आला. काही बँकांनी कर्जदाराचे निवृत्तीचे वय पाहून हप्ताही वाढवला होता. पण दर उतरतील की नाही, हे २०२३ मध्ये कर्जदारालाही माहीत नव्हते आणि बँकेलाही. तीन हजार जादा भरून तेरा वर्षांचे हप्ते वाचवायचे की नाहीत, हा प्रश्न कर्जदाराला विचारायला हवा होता. अनेकांना तो विचारला गेला नाही.

नियम आहेत, तरी मागणीपत्र कशासाठी

गेल्या काही वर्षांत रिझर्व्ह बँकेने कर्जदाराच्या बाजूने महत्त्वाची पावले उचलली, हे आम्ही मोकळेपणाने मान्य करतो. बदलत्या दराच्या गृहकर्जावर मुदतपूर्व परतफेडीचा दंड बँकांना २०१२ पासून बंद आहे. १८ ऑगस्ट २०२३ च्या परिपत्रकाने दर बदलताना हप्ता वाढवणे, मुदत वाढवणे किंवा दोन्हींचा मेळ घालणे हे पर्याय कर्जदाराला द्यायला सांगितले. तिमाही विवरणात आतापर्यंत वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणे बंधनकारक केले. १ ऑक्टोबर २०२४ पासून किरकोळ कर्जांना मुख्य तथ्यपत्र, म्हणजे ‘की फॅक्ट स्टेटमेंट’, कर्जदाराला समजणाऱ्या भाषेत देणे सक्तीचे झाले.

तरीही तीन फटी उरल्या आहेत. पहिली फट : २०२३ चे परिपत्रक मुदतवाढीला एकच ठोस कुंपण घालते. मुदत इतकी वाढू नये, की हप्ता व्याजालाही पुरणार नाही आणि मुद्दल उलटे वाढत जाईल. वरच्या उदाहरणात हप्ता व्याजाहून १,१४५ रुपयांनी जास्त आहे. म्हणजे साडेपस्तीस वर्षांची मुदत या कुंपणाच्या आतच बसते. दुसरी फट : तथ्यपत्र एका मुदतीचे, एका दराचे चित्र देते, मुदतींची तुलना दाखवत नाही, आणि ते हातात पडते तोवर मुदत बहुधा ठरून गेलेली असते. तिसरी फट : पर्याय द्यावा असे म्हटले आहे, पण कर्जदाराने उत्तरच दिले नाही तर काय करायचे, हे धोरण प्रत्येक संस्थेच्या संचालक मंडळावर सोडले आहे. उत्तर आले नाही की संस्थेला सोयीचा मार्ग निवडला जातो आणि तो बहुधा मुदतवाढीचा असतो.

या फटी बुजवण्यासाठी आमच्या मागण्या पुढीलप्रमाणे.

मागण्या

१. अर्जाच्या टप्प्यावरच एका पानाचा तुलनात्मक तक्ता द्यावा. प्रोसेसिंग फी घेण्याआधी, कर्जदाराने मागितलेल्या रकमेचा १५, २०, २५ व ३० वर्षांचा हप्ता, एकूण व्याज आणि एकूण परतफेड रुपयांत दाखवावी. त्याच पानावर दर एक टक्क्याने आणि दोन टक्क्यांनी वाढला, तर हप्ता किती होईल आणि हप्ता न वाढवल्यास किती महिने वाढतील, हेही असावे. महाराष्ट्रात हे पान मराठीत, ठळक टायपात असावे आणि कर्ज आणून देणाऱ्या एजंटने ते दाखवले याची नोंद ठेवावी. किराणा दुकानदारही सामान बांधण्याआधी एकूण रक्कम सांगतो. चाळीस लाखांच्या व्यवहारात निदान तेवढी अपेक्षा गैर नाही.

२. लेखी संमतीशिवाय मुदत २४ महिन्यांहून अधिक वाढवू नये. दरबदलाची सूचना कर्जदाराला किमान ३० दिवस आधी मिळावी. त्यात ‘हप्ता वाढवला तर’ आणि ‘मुदत वाढवली तर’ असे दोन रकाने असावेत आणि प्रत्येकाखाली अखेरपर्यंतची एकूण रक्कम असावी. उत्तर आले नाही, तर हप्ता दहा टक्क्यांपर्यंत वाढवून उरलेला भार मुदतीवर टाकावा. पण कर्जफेडीची मूळ अखेरची तारीख २४ महिन्यांहून पुढे जाऊ नये. त्यापुढे जायचे असेल, तर शाखेने कर्जदाराला बोलावून हिशेब समजावावा आणि सही घ्यावी. ज्याला वाढीव हप्ता खरोखर झेपत नाही, त्याला मुदतवाढ मिळालीच पाहिजे. फक्त ती त्याने मागितलेली असावी.

३. दर उतरले की वाढलेली मुदत आधी पूर्ववत करावी. ज्यांची मुदत दरवाढीमुळे लांबली, त्यांच्या बाबतीत दरकपातीचा लाभ प्रथम मूळ अखेरची तारीख परत आणण्यासाठी वापरावा. हप्ता कमी करण्याचा पर्याय त्यानंतर द्यावा. मे २०२२ नंतर मुदत वाढलेल्या प्रत्येक कर्जदाराला मूळ तारीख, आजची तारीख आणि मधल्या काळातले जादा व्याज दाखवणारे पत्र एकदा पाठवावे.

४. तिमाही विवरणात दोन ओळी वाढवाव्यात. पहिली : ‘आजच्या दराने व आजच्या हप्त्याने अखेरपर्यंत द्यावयाची एकूण रक्कम’. दुसरी : ‘मंजुरीच्या वेळची अखेरची तारीख आणि आजची अखेरची तारीख’. या दोन ओळींसाठी नवी यंत्रणा लागत नाही. माहिती संगणकात आहेच. विवरण लॉगिन करून शोधावे लागू नये. ते कर्जदाराने निवडलेल्या भाषेत, ईमेल किंवा टपालाने घरी यावे.

५. जुन्या आणि नव्या कर्जदाराच्या स्प्रेडमधला, म्हणजे मानदंड दरावर बँक जोडते त्या टक्क्यांमधला, भेद संपवावा. एकाच बँकेत, सारखीच पत असलेल्या नव्या ग्राहकाला जुन्यापेक्षा कमी दर मिळतो, हा नेहमीचा अनुभव आहे. अर्ध्या टक्क्याचा फरक ऐकायला किरकोळ वाटतो. ४० लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जात, साडेआठऐवजी नऊ टक्के दर असेल तर तो ३.०६ लाख रुपयांचा होतो. जोखीम सोडून स्प्रेडचे इतर घटक तीन वर्षांतून एकदाच बदलता येतील, असे पूर्वीचे बंधन होते. सप्टेंबर २०२५ मधील दुरुस्तीने, ग्राहक टिकवण्यासाठी ते आधीही कमी करण्याची मुभा बँकांना दिली. आमची मागणी आहे, की या मुभेचे कर्तव्य करावे : वर्षातून एकदा, अर्ज न मागता, नियमित हप्ते भरणाऱ्या जुन्या कर्जदाराचा स्प्रेड त्याच गटातल्या नव्या कर्जदाराच्या स्प्रेडशी जुळवावा आणि त्यासाठी ‘कन्व्हर्जन फी’ घेऊ नये. जो भांडतो त्यालाच दर कमी मिळतो, ही पद्धत बंद झाली पाहिजे.

६. गृहवित्त कंपन्यांनाही बाह्य मानदंड लागू करावा. गृहवित्त कंपन्यांचे नियमन ऑगस्ट २०१९ मध्ये रिझर्व्ह बँकेकडे आले. पण ऑक्टोबर २०१९ चा बाह्य मानदंडाचा नियम बँकांपुरता राहिला. कंपन्यांचा दर त्यांच्याच अंतर्गत मूळ दराला बांधलेला असतो. अंतर्गत दराची अडचण जुनीच आहे. रिझर्व्ह बँकेनेच नेमलेल्या डॉ. जनक राज अभ्यासगटाने २०१७ मध्ये बेस रेट आणि एमसीएलआर हे अंतर्गत दर ठरवताना बँका मनमानी फेरफार करतात असे नोंदवले आणि बाह्य मानदंडाची शिफारस केली. बँकांच्या बाबतीत जो दोष मान्य झाला, तोच कंपन्यांच्या बाबतीत चालवून घेण्याचे कारण दिसत नाही. बँकेने नाकारलेला, अनियमित उत्पन्नाचा कर्जदार बहुधा याच कंपन्यांकडे जातो. संरक्षणाची गरज त्याला अधिक आहे. एमसीएलआर वा बेस रेटवर राहिलेल्या जुन्या बँक कर्जदारांनाही बदलाचा पर्याय पत्राने पुन्हा कळवावा.

७. जादा भरणा सोपा करावा आणि त्याचा परिणाम दाखवावा. वरच्या साडेआठ टक्क्यांच्या कर्जात पहिल्या वर्षअखेर एक लाख रुपये जादा भरले, तर जवळपास १४ हप्ते कमी होतात आणि सुमारे पावणेचार लाखांचे व्याज वाचते. तेच एक लाख पंधरा वर्षांनी भरले, तर चारच्या आसपास हप्ते वाचतात आणि व्याजातली बचत अर्ध्या लाखाच्या आसपास राहते. बोनस, भिशी, गावाकडच्या जमिनीचे पैसे, जे काही हाती येईल ते लवकर भरणे का फायद्याचे, हे बँकेने सांगायला हवे. म्हणून कोणतीही रक्कम, कोणत्याही दिवशी, मोबाइलवरून भरता यावी. ती त्याच दिवशी मुद्दलातून वजा व्हावी. आणि ‘मुदत कमी करायची की हप्ता’ हा प्रश्न प्रत्येक वेळी दोन्ही आकड्यांसह विचारला जावा. किमान रकमेची अट, शाखेतच येण्याची सक्ती आणि वर्षातून ठरावीक वेळाच भरण्याची मर्यादा काढून टाकावी.

८. विमा आणि जोडशुल्के कर्जात मिसळू नयेत. कर्ज मंजूर करताना एकरकमी हप्त्याचा विमा जोडून त्याची रक्कम कर्जातच वाढवली जाते. एक लाखाचा असा विमा साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांत २.०८ लाखांना पडतो. घरातला कमावता माणूस गेला तर कर्ज फिटावे, ही गरज खरी आहे आणि विमा घ्यावा असेच आम्ही सदस्यांना सांगतो. पण तो कुठून घ्यायचा हे कर्जदाराने ठरवावे. विम्याचा अर्ज वेगळा असावा, सही वेगळी असावी आणि ‘हा विमा न घेतल्यास कर्ज नाकारले जाणार नाही’ हे वाक्य त्यावर मराठीत छापलेले असावे.

९. बांधकाम सुरू असलेल्या घरांसाठी प्री-ईएमआयचा, म्हणजे पूर्ण हप्ता सुरू होण्याआधीच्या व्याजाचा, खर्च वेगळा सांगावा. ४० पैकी ३२ लाख वितरित झाले असतील, तर साडेआठ टक्क्यांनी महिन्याला २२,६६७ रुपये नुसते व्याज जाते आणि मुद्दल जागचे हलत नाही. दोन वर्षांत हे ५.४४ लाख होतात. त्यात घरभाडे वेगळे. ताबा लांबला की प्रत्येक महिन्याला हा बोजा वाढतो. वितरित रकमेवर पूर्ण हप्ता सुरू करण्याचा पर्याय पहिल्या वितरणाच्या वेळी लेखी द्यावा. बिल्डरच्या मागणीपत्रावर पैसे सोडण्याआधी, तो टप्पा प्रत्यक्ष पूर्ण झाला आहे याची खात्री बँकेने करावी आणि तो अहवाल कर्जदाराला द्यावा. उशिरा ताब्याबद्दल रेरा कायद्याखाली मिळणाऱ्या व्याजाच्या आदेशांची वसुली जिल्हाधिकारी कार्यालयांकडून ठरावीक मुदतीत व्हावी, ही राज्य शासनाकडे मागणी आहे.

१०. स्थिर दराचा पर्याय पुन्हा सक्तीचा करावा. २०२३ च्या परिपत्रकाने दरबदलाच्या वेळी स्थिर दराकडे जाण्याचा पर्याय द्यायला सांगितले होते. २०२५ च्या दुरुस्तीने तो संस्थेच्या मर्जीवर सोडला. निवृत्तीला दहा वर्षे उरलेल्या माणसाला थोडा जास्त, पण न हलणारा दर हवा असू शकतो. त्याला तो मागण्याचा हक्क असावा, आणि बदलाचे शुल्क आधीच जाहीर असावे.

११. कर्ज दुसरीकडे नेताना मुद्रांक शुल्काचा भुर्दंड नको. घर तेच, कर्जदार तोच, देणेही तेवढेच. फक्त बँक बदलली, म्हणून गहाणाच्या दस्तावर पुन्हा मुद्रांक शुल्क आणि नोंदणीचा खर्च येतो. कमी दराच्या शोधात निघालेला कर्जदार या खर्चाकडे पाहून मागे फिरतो आणि जुन्या बँकेवरचा स्पर्धेचा दाब नाहीसा होतो. शिल्लक कर्जाच्या हस्तांतरासाठी राज्य शासनाने हे शुल्क नाममात्र करावे.

१२. कागदपत्रे आणि तक्रारी. कर्ज फिटल्यावर ३० दिवसांत मूळ कागदपत्रे परत करावीत आणि उशीर झाल्यास दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. ही भरपाई मागावी न लागता खात्यात जमा व्हावी. २०२१ च्या एकात्मिक लोकपाल योजनेतून गृहवित्त कंपन्या वगळल्या गेल्या होत्या. बँकेचा आणि कंपनीचा कर्जदार यांना तक्रारीसाठी एकच दार आणि सारखीच भरपाई असावी.

१३. आयकराच्या सवलतीचा खोटा दिलासा थांबवावा. स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावरील दोन लाखांची वजावट २०१४-१५ पासून तेवढीच आहे, आणि नव्या करप्रणालीत ती मिळतच नाही. वरच्या वीस वर्षांच्या उदाहरणात पहिल्या वर्षाचेच व्याज ३.३७ लाख आहे. ‘कर वाचतो’ असे सांगून कर्ज विकताना कोणत्या प्रणालीत किती वाचतो, हे लिहून द्यावे. अर्थमंत्रालयाने दोन लाखांच्या मर्यादेचा फेरविचार करावा.

संभाव्य आक्षेपांना उत्तर

पहिला आक्षेप असा येईल, की हप्ता स्थिर ठेवून मुदत वाढवणे ही कर्जदारावर दया आहे. हप्ता एकदम वाढला तर थकबाकी वाढेल. काही घरांबाबत हे खरे आहे, म्हणूनच मुदतवाढीचा पर्याय आम्ही काढून टाकायला सांगत नाही. पण ज्या सवलतीमुळे सवलत देणाऱ्याचे उत्पन्न वाढते, तिची किंमत तिच्यासोबत सांगितलीच पाहिजे.

दुसरा आक्षेप : एवढी माहिती कोणी वाचत नाही. पंचवीस पानी इंग्रजी करार कोणी वाचत नाही, हे मान्य. म्हणूनच आम्ही एक पान मागतो आहोत, मराठीत आणि रुपयांत.

तिसरा आक्षेप : जुन्या ग्राहकांना नवा दर दिला तर बँकांचा नफा घटेल. घटेल. आज तो नफा कर्जदाराच्या अनभिज्ञतेतून येतो आणि त्यावर बँकेचा न्याय्य हक्क नाही. वर्षानुवर्षे हप्ता न चुकवलेला कर्जदार हा नव्या कर्जदारापेक्षा कमी जोखमीचा असतो. त्याला जास्त दर लावण्याला जोखमीचा आधार नाही.

चौथा आक्षेप : अर्थसाक्षरता ही कर्जदाराची जबाबदारी आहे. ती आम्ही घेतो. संघटना आपल्या सदस्यांसाठी हिशेबाची शिबिरे घेईल, तिमाही विवरण कसे वाचायचे हे शिकवेल. पण चक्रवाढीचा हिशेब करणारा संगणक बँकेकडे आहे, तिथून आकडा बाहेर येणे ही बँकेची जबाबदारी आहे.

कालमर्यादा

मागण्या १, ४, ७ आणि ८ यांना नव्या कायद्याची गरज नाही. बँका व कंपन्यांनी त्या तीन महिन्यांत स्वतःहून लागू कराव्यात. मागण्या २, ३, ५, ६, १० आणि १२ यांसाठी रिझर्व्ह बँकेने सहा महिन्यांत निर्देशांचा मसुदा जनतेच्या सूचनांसाठी प्रसिद्ध करावा आणि त्यावरील चर्चेत कर्जदारांच्या प्रतिनिधींना स्थान द्यावे. मागणी ९ मधील वितरणाचे नियम याच मसुद्यात यावेत. रेरा वसुली आणि मागणी ११ यांबाबत राज्य शासनाने, तर मागणी १३ बाबत अर्थमंत्रालयाने, येत्या अर्थसंकल्पात भूमिका स्पष्ट करावी. या पत्राला नव्वद दिवसांत मुद्देनिहाय लेखी उत्तर मिळावे. न मिळाल्यास संघटना प्रत्येक जिल्ह्यातल्या सदस्यांची मूळ मुदत आणि आजची मुदत दाखवणारी विवरणे एकत्र करून, नावे वगळून, लोकप्रतिनिधींपुढे आणि न्यायालयापुढे मांडेल.

कर्जदारांना आवाहन

हे मागणीपत्र मान्य होण्याची वाट पाहत बसू नका. या आठवड्यात आपल्या बँकेकडून किंवा कंपनीकडून तीन गोष्टी लेखी मागा : मंजुरीच्या वेळची अखेरची तारीख व आजची अखेरची तारीख, आजचा स्प्रेड व नव्या ग्राहकाचा स्प्रेड, आणि आजच्या दराने अखेरपर्यंत द्यायची एकूण रक्कम. मुदत वाढलेली असेल, तर हप्ता झेपेल तेवढा वाढवून घ्या. त्यासाठी फक्त एक अर्ज लागतो. स्प्रेड जास्त असेल, तर तो कमी करण्याचा अर्ज द्या आणि पोच घ्या. घेतलेले उत्तर संघटनेकडे आणा. एकेकट्याने विचारले की शाखा टाळते. सगळ्यांनी एकाच महिन्यात, एकाच नमुन्यात विचारले की तिला उत्तर द्यावे लागते.

आपले,
संघटनेचे अध्यक्ष, सचिव व कार्यकारिणी सदस्य